वाचकांचे प्रश्न : कोर्टाचा हुकूम हातात आहे, पण पाळतंय कोण?

गेल्या दोन महिन्यांत आलेली पत्रं वाचताना एक गोष्ट सारखी जाणवली, केस हरलेल्यांपेक्षा जिंकलेल्यांचीच पत्रं जास्त दुःखी आहेत. वर्षानुवर्षं तारखा केल्या, निकाल बाजूने लागला, पेढे वाटले आणि आता समोरचा माणूस ढिम्म हलत नाही. म्हणून यावेळी सगळी जागा त्याच पत्रांना दिलीय, म्हणजे कोर्टाचा हुकूम मोडला तर काय, कंटेम्प्ट (कोर्टाच्या अवमानाची याचिका) कधी करायचा आणि कधी नाही.

आधी एक गोष्ट सांगते कारण तीन-चार जणांनी विचारलंय की कंटेम्प्टला महाअधिवक्त्यांची, म्हणजे राज्य सरकारच्या सर्वोच्च वकिलांची, परवानगी लागते का. ती लागते फौजदारी अवमानाला, म्हणजे कोर्टाची बदनामी करणं, कामात अडथळा आणणं वगैरे, जे टीव्हीवर गाजतं ते. तुमचा आहे तो दिवाणी अवमान, म्हणजे हुकूम जाणूनबुजून न पाळणं किंवा कोर्टाला दिलेली हमी मोडणं. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्यात कलम 2 मध्येच ही व्याख्या आहे आणि त्यासाठी ज्याच्या बाजूने हुकूम आहे तो स्वतः जाऊ शकतो, परवानगी-बिरवानगी काही नाही.

प्रश्न : मी अनुदानित खाजगी शाळेतली निवृत्त शिक्षिका. निवडश्रेणीचा (वरच्या वेतनश्रेणीचा) फरक मिळावा म्हणून हायकोर्टात रिट याचिका केली होती, 6 जानेवारी 2025 ला निकाल माझ्या बाजूने लागला, 12 आठवड्यांची मुदत दिली. आता नोव्हेंबर उजाडला, शिक्षण खात्याच्या ऑफिसात गेलं की "मॅडम प्रोसेसमध्ये आहे" एवढंच ऐकायला मिळतं. गावातले वकील म्हणतात थांबा, अधिकाऱ्यांना दुखवू नका. थांबू का?
(एक शिक्षिका, मराठवाडा)

उत्तर : ताई, थांबू नका. अधिकारी दुखावतील म्हणून नाही, तुमचा कॅलेंडर संपतोय म्हणून. कलम 20 प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत याचिका दाखल व्हावी लागते. 6 जानेवारीपासून 12 आठवडे मोजले तर 31 मार्च 2025 येतो, म्हणजे 1 एप्रिलपासून हुकूम मोडला जातोय आणि तुमचं वर्ष 31 मार्च 2026 ला संपतं. ऑर्डरमध्ये "आदेशाची प्रत मिळाल्यापासून 12 आठवडे" असं लिहिलं असेल तर प्रत ज्या दिवशी ऑफिसात पोचली तिथून मोजायचं. समजा 20 जानेवारीला दिली असेल तर मुदत 14 एप्रिलला संपली. "रोजच पाळत नाहीत म्हणजे रोजच नवा अवमान" असं सांगणारे भेटतील, त्यावर विसंबून राहू नका, कोर्ट हे सहजासहजी मानत नाही. वर्षाच्या आत याचिका दाखल झाली की पुढे कोर्टाने दखल घ्यायला वेळ लावला तरी तुमचं नुकसान नाही, हे 2001 मध्ये पल्लव शेठ प्रकरणात सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलंय.

आता खरं काम. ऑर्डर बाहेर काढा आणि शेवटचे दोन परिच्छेद वाचा, नुसते शेवटचे दोन. मधल्या पंधरा पानांत कोर्टाने तुमच्याबद्दल कितीही चांगलं लिहिलं असलं तरी पाळायचं असतं ते शेवटचं. तिथे "फरकाची रक्कम द्यावी" असं आहे की "याचिकाकर्तीच्या प्रस्तावावर कायद्याप्रमाणे 12 आठवड्यांत निर्णय घ्यावा" असं आहे? तुमच्या पत्रातला सूर बघता मला भीती वाटते की दुसरं असेल, कारण निम्म्याहून जास्त लोक दुसऱ्या प्रकारचा आदेश घेऊन येतात आणि पैसे द्यायचा आदेश झाला असं समजून बसलेले असतात.

या दोन वाक्यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. पैसे द्या म्हटलं असेल आणि दिले नाहीत, तर अवमान सरळ आहे. निर्णय घ्या म्हटलं असेल तर अवमान निर्णय न घेतल्याचा आहे, पैसे न दिल्याचा नाही. तुम्ही कंटेम्प्ट दाखल केला, नोटीस निघाली, की ऑफिस खडबडून जागं होईल आणि आठ दिवसांत एक पत्र काढेल, त्यात लिहिलेलं असेल की अमुक प्रशिक्षण पूर्ण नाही सबब प्रस्ताव अमान्य. झालं, हुकूम पाळला गेला. तो निर्णय चुकीचा असला तरी कंटेम्प्टचं कोर्ट त्यात शिरणार नाही, 1996 च्या जे. एस. पारिहार प्रकरणापासून हे पक्कं आहे, चुकीच्या निर्णयाला नव्याने आव्हान द्यावं लागतं. मला स्वतःला हे दरवेळी जिव्हारी लागतं, पासष्टीच्या बाईला परत पहिल्या पायरीवर उभं करायचं म्हणजे काय. पण आधी माहीत असेल तर माणूस तयारीने जातो, प्रशिक्षणाची प्रमाणपत्रं, सेवापुस्तकाच्या नकला, सगळं आत्ताच प्रस्तावाला जोडून पोच घेऊन ठेवा म्हणजे अमान्य करायला त्यांच्याकडे कारणच उरणार नाही.

पोचेबद्दल जरा जास्त बोलते. माझ्याकडे एक आजोबा आले होते, त्यांनी हायकोर्टाच्या ऑर्डरची सर्टिफाइड कॉपी लॅमिनेट करून देवघरात लावली होती. खरंच, हळदीकुंकवाचं बोट लागलेलं होतं त्यावर. मी विचारलं ऑफिसात कधी दिली, तर म्हणाले कोर्टाने सांगितलंय म्हणजे त्यांना कळलंच असेल ना. कागदोपत्री कुठेच दिलेली नव्हती आणि मुदत संपून तेरा महिने झाले होते. कंटेम्प्टची वेळ गेली हे त्यांना सांगताना माझ्या तोंडून शब्द फुटेना, शेवटी नव्याने रिट करावी लागली. तेव्हा ताई, ऑर्डरची प्रत, सोबत दोन ओळींचं पत्र, आवक विभागात द्या आणि आपल्या कॉपीवर गोल शिक्का, तारीख आणि आवक नंबर घ्या. शिक्का द्यायला टाळाटाळ केली तर स्पीड पोस्टाने पाठवून पावती आणि ट्रॅकिंगची प्रिंट जपा. अवमान सिद्ध करायला दोन गोष्टी लागतात, त्यांना हुकूम माहीत होता आणि तरी मुद्दाम पाळला नाही. हा शिक्का पहिली गोष्ट सिद्ध करतो.

वकिलांकडून एक नोटीस द्या, पंधरा दिवसांची, आणि नाहीच झालं तर ज्या खंडपीठाने हुकूम दिला तिथेच याचिका. त्यात नुसतं "शिक्षणाधिकारी" लिहून भागत नाही, खुर्चीवर आत्ता कोण आहे त्यांचं नाव लागतं, कारण शिक्षा माणसाला होते, खुर्चीला नाही. मध्ये बदली झाली असेल तर कोणाच्या काळात मुदत संपली हे बघून दोघांची नावं घालावी लागतील. आणि फीची काळजी असेल तर बाईला उत्पन्न कितीही असलं तरी मोफत विधी सहाय्य मिळतं, हायकोर्टाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करा, लाजू नका.

प्रश्न : चुलतभावाबरोबर बांधाचा वाद आहे. दिवाणी कोर्टाने त्याला मनाई केली की दावा चालू असेपर्यंत बांधाला हात लावायचा नाही, बेलिफाने हुकूम बजावला, त्याने सही पण केली. तरी महिन्याभरात रात्री जेसीबी लावून बांध कोरला, दीड-दोन फूट आमच्याकडे सरकला. वर म्हणतो या कोर्टाला अधिकारच नाही, मी वर अपील करणार. मी डायरेक्ट हायकोर्टात कंटेम्प्ट करू का?
(एक शेतकरी, सांगली जिल्हा)

उत्तर : दादा, राग समजतो पण हायकोर्टात धावू नका. खालच्या कोर्टाचा अवमान झाला तरी शिक्षा द्यायचा अधिकार हायकोर्टाला आहे हे खरं, पण मनाई हुकूम मोडल्यावर काय करायचं याची सोय दिवाणी प्रक्रिया संहितेतच आहे, ऑर्डर 39 नियम 2-अ, आणि ती सोय असताना हायकोर्ट बहुतेक वेळा तिकडेच जा म्हणतं. ज्या कोर्टाने मनाई दिली तिथेच अर्ज करायचा. ते कोर्ट चुलतभावाची मालमत्ता जप्त करू शकतं, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात पाठवू शकतं. जप्ती एक वर्षापर्यंत राहते आणि तरीही ऐकला नाही तर ती मालमत्ता विकून तुम्हाला भरपाई देता येते. त्याच अर्जात बांध पूर्ववत करून द्यावा अशीही मागणी घाला, ती विसरू नका, शिक्षा झाली आणि बांध तसाच राहिला तर काय उपयोग.

त्याचं ते "कोर्टाला अधिकार नाही" हे कारण चालणार नाही. मुंबईतल्याच एका प्रकरणात, तय्यबभाई बगसरवाला विरुद्ध हिंद रबर, सुप्रीम कोर्टाने 1997 मध्ये सांगितलंय की नंतर कोर्टाला अधिकार नव्हता असं ठरलं तरी तोपर्यंतचा मनाई हुकूम मोडल्याची शिक्षा होतेच. हुकूम चुकीचा वाटतो तर वर जाऊन उठवून आणा, तोपर्यंत पाळा. स्वतःच ठरवायचं की हा हुकूम मला लागू नाही आणि जेसीबी बोलवायचा, असं चालत नाही.

पुरावा मात्र पक्का करा, कारण इथे शंकेचा फायदा त्याला मिळतो. कोरलेल्या बांधाचे फोटो दिवसाउजेडी, ताजी माती दिसते तोवर काढा, पाऊस पडला की आठ दिवसांत गवत उगवतं आणि जुनाच बांध आहे म्हणायला तो मोकळा. शेजारच्या दोन शेतकऱ्यांची प्रतिज्ञापत्रं घ्या, जेसीबी कोणाचा ते शोधा, आणि कोर्ट कमिशनर (कोर्टाच्या वतीने जागा बघणारा माणूस) नेमून मोजणी करावी असा अर्ज लगेच द्या. बेलिफाचा बजावणी अहवाल कोर्टाच्या फाइलमध्ये असेलच, त्यावर त्याची सही आहे, ती तुमची सगळ्यात मोठी ताकद. अजून एक, वादाचा शेवटचा निकाल लागून कायमची मनाई मिळाली आणि मग मोडली तर 2-अ चालत नाही, तेव्हा दरखास्त, म्हणजे निकालाची अंमलबजावणी करून मागणारा अर्ज, टाकावी लागते. तुमचा दावा चालू आहे म्हणून 2-अ.

प्रश्न : माझं वय 74. मुंबईत यजमानांच्या नावची जुनी खोली, भाडेकरूविरुद्ध लघुवाद न्यायालयात जिंकले, तो हायकोर्टात गेला, तिथे त्याने प्रतिज्ञापत्रावर लिहून दिलं की एक वर्षात खोली रिकामी करतो, म्हणून मी पण हो म्हटलं. वर्ष 31 मे ला संपलं. आता म्हणतो मुलाची बारावी आहे. त्याला तुरुंगात पाठवायची माझी इच्छा नाही हो, मला फक्त माझी खोली हवी. कंटेम्प्ट केला तर पाप लागेल का असं वाटतं.
(एक आजी, दादर)

उत्तर : आजी, तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. पाप तुम्हाला का लागेल? शब्द त्याने दिला होता, तोही तुम्हाला नाही, कोर्टाला दिला होता, आणि त्या शब्दावर एक वर्ष राहून घेतलं.

कायद्यात हमीपत्राची, म्हणजे अंडरटेकिंगची किंमत फार आहे. अनिल अंबानींचं प्रकरण आठवत असेल, एरिक्सन कंपनीचे पैसे देऊ अशी हमी सुप्रीम कोर्टात दिली आणि पाळली नाही, तेव्हा फेब्रुवारी 2019 मध्ये कोर्टाने अवमानाचे दोषी ठरवलं आणि सांगितलं की चार आठवड्यांत 453 कोटी भरा नाहीतर तीन महिने तुरुंग. मार्चमध्ये पैसे भरले गेले, तुरुंगात कोणी गेलं नाही. कंटेम्प्टचं काम बहुतेक वेळा असंच होतं, समोरच्याला चूक दुरुस्त करायची शेवटची संधी मिळते. तुमचा भाडेकरूही नोटीस मिळाल्यावर किल्ली द्यायची भाषा सुरू करेल अशीच शक्यता जास्त.

पण आधी कागद बघावा लागेल. त्याने "रिकामी करीन अशी मी या न्यायालयास हमी देतो" असं स्वतंत्र प्रतिज्ञापत्र दिलंय का आणि कोर्टाने आदेशात "हमी स्वीकारली" असं लिहिलंय का? नुसत्या तडजोडीच्या अटींवर सह्या असतील आणि कोर्टाने त्यावर निकाली काढलं असेल तर ती आपोआप हमी होत नाही, 1979 मध्ये बाबूराम गुप्ता प्रकरणात हाच मुद्दा होता आणि लेखी हमी नाही म्हणून समोरचा अवमानातून सुटला. तुम्ही प्रतिज्ञापत्र म्हणताय म्हणजे बाजू भक्कम दिसते.

माझा सल्ला, दोन्ही करा. हायकोर्टात अवमान याचिका आणि लघुवाद न्यायालयात ताब्याची दरखास्त. दरखास्त करता येते म्हणून कंटेम्प्ट चालत नाही असं समोरचा म्हणेल, पण हमी मोडल्यावर तो बचाव टिकत नाही, 2006 च्या नारंग प्रकरणात सुप्रीम कोर्टाने ते सांगितलंय. दरखास्तीत बेलिफ येऊन प्रत्यक्ष ताबा देतो, आणि शेवटी तुम्हाला हवाय तो ताबाच. मुलाची बारावी ऐकून कोर्ट कदाचित परीक्षा होईपर्यंत मुदत देईल, त्याला मनाची तयारी ठेवा, मात्र मुदत द्यायची तर दर महिन्याची रक्कम आगाऊ भरण्याची आणि दुसऱ्या कोणाला आत न घेण्याची अट तुमच्या वकिलांनी मागायलाच हवी. आणि तो घरी आला तरी त्याला कुठल्याही कागदावर सही करून देऊ नका, "आजी, दोन महिने वाढवून दिले एवढं लिहा" म्हणेल, त्या एका चिठोऱ्यावर तो म्हणेल की म्हातारीनेच परवानगी दिली.

प्रश्न : मी एका नगरपरिषदेत लिपिक. दोन महिन्यांपूर्वी हे टेबल माझ्याकडे आलं, त्याच्या आधीच्या हायकोर्टाच्या आदेशावरून कंटेम्प्टची नोटीस आलीय, त्यात मुख्याधिकाऱ्यांबरोबर माझंही नाव आहे. साहेब म्हणतात अपील केलंय, घाबरू नको, आणि मागची एक टिपणी जुन्या तारखेने लिहून ठेव. झोप लागत नाही. नोकरी जाईल का?
(नाव छापू नये)

उत्तर : दादा, सगळ्यात आधी, जुन्या तारखेने एक अक्षरही लिहू नका. आत्ता तुमच्यावर दिवाणी अवमानाची नोटीस आहे, त्यातून माणूस सुटतो, पण कोर्टासमोर खोटा कागद ठेवला तर ते वेगळं आणि फार वाईट प्रकरण होतं, आणि तेव्हा साहेब बाजूला उभे राहणार नाहीत. नाही म्हणणं अवघड आहे हे कळतंय, तोंडी सांगता येत नसेल तर "सदर टिपणी माझ्या कार्यकाळातील नाही" असं आजच्या तारखेने लिहून फाइलला लावा.

अपिलाचं म्हणाल तर नुसतं अपील दाखल केलं म्हणजे हुकूम थांबत नाही, स्टे, म्हणजे वरच्या कोर्टाची स्थगिती, मिळाला तरच थांबतो. स्टेचा अर्ज प्रलंबित असेल तर तो आधी ऐकावा अशी विनंती करता येते, पण "अपील केलंय" एवढ्यावर हुकूम कपाटात ठेवणाऱ्या ऑफिसांनीच सगळ्यात जास्त मार खाल्लाय.

अवमान ठरायला जाणूनबुजून मोडलेला असावा लागतो. तुम्ही टेबल कधी घेतलं, फाइल कधी वर पाठवली, निर्णय घ्यायचा अधिकार कोणाचा, हे तारीखवार प्रतिज्ञापत्रात सांगा, चार्ज घेतल्याची यादी आणि तुमच्या खऱ्या टिपण्यांच्या झेरॉक्स जोडा. शक्य असेल तर तारखेच्या आत हुकूम पाळून टाकायला वरिष्ठांना लेखी सुचवा. आणि माफी मागायची असेल तर पहिल्याच प्रतिज्ञापत्रात मागा. आपल्याकडचेच मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि सनदी अधिकारी अशोक खोत यांना मे 2006 मध्ये सुप्रीम कोर्टाने एक महिना साधी कैद दिली, जंगलाच्या प्रकरणातला आदेश असताना लाकडाच्या गिरण्यांना परवानग्या दिल्या म्हणून, आणि त्यांची माफी कोर्टाने मानली नाही.

कायद्यातली शिक्षा म्हणाल तर सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही, आणि मनापासूनची माफी कोर्टाला पटली तर तीही माफ होऊ शकते. पण नोकरीवर आच येऊ शकते हे लपवत नाही, मे 2025 मध्ये आंध्रातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला हायकोर्टाचा आदेश झुगारून झोपड्या पाडल्याबद्दल सुप्रीम कोर्टाने खाली तहसीलदार पदावर आणलं. तो स्वतः निर्णय घेणारा होता आणि इशारा असूनही पुढे गेला होता, तुमची गोष्ट तशी दिसत नाही. शिक्षा झालीच तर कलम 19 खाली अपिलाचा हक्क आहे, एका न्यायमूर्तींनी दिली असेल तर 30 दिवसांत दोन न्यायमूर्तींपुढे.

आणि हायकोर्टात उभं राहायचं या विचाराने घाबरला असाल तर, जानेवारी 2024 मध्ये सुप्रीम कोर्टाने कार्यपद्धती घालून दिलीय की सरकारी अधिकाऱ्यांना ऊठसूट प्रत्यक्ष बोलावू नये, गरज असेल तर आधी व्हिडिओवर हजर राहू द्यावं. नोटिशीत प्रत्यक्ष हजर राहा असं स्पष्ट लिहिलं असेल तर मात्र जायचंच, आणि स्वतःचा वेगळा वकील घ्या, साहेबांचा आणि तुमचा बचाव एक नाहीये.

प्रश्न : जिल्हा ग्राहक आयोगाने बिल्डरला 45 दिवसांत पैसे व्याजासकट परत करायला सांगितलं, चार महिने झाले. हायकोर्टात कंटेम्प्ट?
(एक वाचक, ठाणे)

उत्तर : नको, ग्राहक कायद्यात याहून धारदार हत्यार आहे. 2019 च्या कायद्याचं कलम 72, आदेश न पाळल्यास कमीत कमी एक महिना आणि जास्तीत जास्त तीन वर्षं कैद, किंवा 25 हजार ते एक लाख दंड, किंवा दोन्ही. सोबत कलम 71 खाली वसुलीची दरखास्त, म्हणजे बँक खातं, न विकलेले फ्लॅट यावर जप्ती. दोन्ही अर्ज त्याच जिल्हा आयोगाकडे द्यायचे. बिल्डर राज्य आयोगात अपिलात गेलाय का तेवढं तपासा, जायचं असेल तर त्याला आदेशातल्या रकमेच्या 50 टक्के भरावे लागतात, त्यामुळे "अपील केलंय" असं फोनवर सांगितलं तर त्याला अपील नंबर आणि पैसे भरल्याची पावती मागा. अर्जात कंपनीबरोबर संचालकांची नावं आणि घरचे पत्ते घाला, नाहीतर नोटीस बंद झालेल्या साइट ऑफिसवरून "पत्त्यावर नाही" म्हणून परत येते आणि सहा महिने त्यातच जातात.